अकरा सेकंदांचा पश्चात्ताप

“काढ म्हणजे काढ.”

“मामा, तू साउंड बघ. चित्र मी बघते.”

“साउंडच बघतोय. सातव्या सेकंदाला मास्तरांच्या पोटात गुडगुडलं होतं. ते कुठे गेलं?”

“पुसलं.”

“का पुसलंस?”

“कारण पश्चात्ताप होताना माणसाच्या पोटात गुडगुडत नाही.”

“पश्चात्ताप होतच नव्हता त्यांना. भूक लागली होती. सव्वा वाजला होता, आणि तीस सेकंद कुणी हलू नका, असं मी सांगितलं होतं.”

भाचीने खुर्ची गर्रकन वळवून मामाकडे पाठ केली. मिक्सिंगच्या त्या खोलीत भांडायला तशी मजाच येत नाही. चारी भिंतींना राखाडी स्पंज, दाराला दोन बोटं जाड रबर. शब्द तोंडातून बाहेर पडतो आणि तिथल्या तिथे जीव सोडतो. कितीही आवाज चढवला तरी उशीत तोंड खुपसून ओरडल्यासारखं वाटतं. समोरच्या पडद्यावर एक म्हातारा चेहरा थांबून राहिला होता. डोळे पाणावलेले, ओठ मिटलेले, दोन्ही हात शहाण्या मुलासारखे गुडघ्यांवर. पडद्याखालच्या मॉनिटरच्या कोपऱ्याला एक पिवळी चिठ्ठी चिकटवलेली होती आणि तिच्यावर त्या कॉम्प्युटरचा पासवर्ड ठळक अक्षरांत लिहिलेला होता. फिल्म सायबर सुरक्षेवर होती. सायबर सुरक्षा आणि अफवा. चार वर्षं भाचीने तिच्यात घातली होती आणि चिठ्ठी पहिल्या वर्षापासून तिथेच होती.

मामा या फिल्मचे साउंड रेकॉर्डिस्ट. धंद्यात त्यांना सगळे कानसेन म्हणतात. एकतीस वर्षांत किती माणसांच्या तोंडासमोर त्यांनी माइक धरला याची मोजदाद नाही, पण एकाही फोटोत ते दिसत नाहीत. दिसला तर फक्त माइकचा दांडा, आणि तोही दिसला तर दिग्दर्शकाची बोलणी खावी लागतात. कुठल्याही घरी शूटिंगला गेले की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला: फ्रिज कुठे आहे? फ्रिजची घरघर माइकला चालत नाही. तो बंद करायचा आणि आपल्या स्कूटरची किल्ली आत ठेवून द्यायची, म्हणजे निघताना फ्रिज पुन्हा चालू करायची आठवण आपसूक राहते. परक्यांच्या भाज्यांमध्ये जितक्या वेळा हात घातला तितक्या वेळा स्वतःच्या घरच्यांत नाही घातला, असं त्यांची बायको पाहुण्यांना सांगते. तिची खरी तक्रार निराळीच आहे. या माणसाशी भांडून काही उपयोग नाही, म्हणते, हे शब्द ऐकतच नाहीत, आवाज ऐकतात. मी संतापून काहीतरी बोलावं आणि यांनी शांतपणे म्हणावं, तुझा घसा बसलाय, कोमट पाणी घे.

त्यांची दुसरी सवय धंद्यातल्या सगळ्यांचीच आहे, पण ते ती जास्तच निष्ठेने पाळतात. मुलाखत संपली की खोलीतल्या सगळ्यांनी तीस सेकंद गप्प बसायचं. प्रत्येक खोलीची आपली एक शांतता असते. कुठे नळ ठिबकत असतो, कुठे लांबून रस्ता घुमत असतो, कुठे नुसतीच लाकडाची कुरकुर. ती वेगळी टिपून ठेवली की पुढे वाक्यं कापताना, जोडताना मधल्या फटीत भरता येते. याला रूम टोन म्हणतात. कानसेनांकडे त्याची एक वही आहे आणि तिच्यात अशा नोंदी आहेत: ‘मास्तरांची बैठकीची खोली. पंखा बंद, फ्रिज बंद. पंधरा सेकंदांनी वरच्या मजल्यावर खुर्ची सरकली. मास्तर, पोट, सातवा सेकंद.’

त्या तीस सेकंदांत एरवी कॅमेरा बंद असतो. त्या दिवशी कॅमेरामन तो बंद करायलाच वाकला होता. तेवढ्यात कानसेनांनी ‘कुणी हलू नका’ म्हटलं आणि तो शिस्तीचा माणूस वाकल्या जागी थिजला. बटणाजवळ गेलेला हातही त्याने हलवला नाही. कॅमेरा चालूच राहिला.

आता मास्तर कोण, ते सांगायला हवं. मास्तर म्हणजे सेवानिवृत्त मुख्याध्यापक. स्वतःच्या नावाआधी ते हे दोन शब्द लावत नाहीत, नावाच्या जागी लावतात. तीन वर्षांपूर्वी त्यांच्या फोनवर एक व्हिडिओ आला. औषधांच्या दुकानाच्या मागच्या खोलीत एक बाई गोळ्यांच्या पाकिटांवरच्या जुन्या तारखा पुसते आहे आणि भिंतीवर दुकानाची पाटी स्पष्ट दिसते आहे. पाटी दोन गल्ल्या पलीकडच्या दुकानाची होती. मास्तरांनी तो व्हिडिओ एक्केचाळीस ग्रुपवर पाठवला. तेवढंच केलं असतं तर ते इतर हजार जणांसारखेच ठरले असते. पण आयुष्यभर मुलांच्या वहीवर शेरा मारल्याशिवाय त्यांनी वही परत केली नव्हती. त्यांनी खाली लिहिलं, ‘मी स्वतः जाऊन खात्री केली आहे. सेवानिवृत्त मुख्याध्यापक.’

ते कुठेही गेले नव्हते. व्हिडिओ भलत्याच ठिकाणचा होता, पाटी कॉम्प्युटरवर चिकटवलेली होती. हे सगळं दीड वर्षाने सिद्ध झालं. तोपर्यंत दुकानाच्या काचा फुटल्या होत्या, गिऱ्हाइकं तुटली होती आणि बावीस वर्षं चाललेल्या दुकानाचं शटर खाली आलं होतं. व्हिडिओ कुणी बनवला ते कधीच कळलं नाही. दुकान ज्यांचं, त्या औषधवाल्या बाईंच्या हाती उरलं ते मास्तरांचं एक वाक्य. त्या एका वाक्याविरुद्ध त्यांनी तक्रार केली आणि तेव्हापासून ती लढवत आल्या. दुसऱ्याच्या दुकानात काउंटरवर उभं राहून, तारखेच्या दिवशी रजा मागून. मास्तर दर तारखेला एकच सांगत: मी फक्त पुढे पाठवलं.

मुलाखतीतही त्यांनी चाळीस मिनिटं तेच सांगितलं. शेवटी भाचीने विचारलं, त्या बाईंना आज काय सांगाल? त्यावर मास्तर दोन मिनिटं बोलले. बाईंनी वेळीच खुलासा करायला हवा होता, व्यापार करणाऱ्याने जनतेच्या संपर्कात राहायला हवं, आणि हल्लीच्या मुलांचं शुद्धलेखन.

फिल्ममध्ये ती दोन मिनिटं नाहीत. फिल्ममध्ये भाचीचा प्रश्न येतो आणि मग मास्तर अकरा सेकंद काहीच बोलत नाहीत. हात गुडघ्यांवर. डोळ्यांत पाणी. ते पाणी नुकतंच ऑपरेशन झालेल्या डोळ्यावर सरळ दिवा पडल्यामुळे आलेलं होतं. त्यानंतर बंद शटर. एका मोठ्या महोत्सवाच्या निवड समितीने फिल्म घेतल्याचं पत्र पाठवलं, त्यात लिहिलं होतं की, खोटेपणाच्या या गलक्यात ही अकरा सेकंदं प्रामाणिक आहेत.

कानसेनांना यातलं काही माहीत नव्हतं. मधले सहा महिने ते दुसऱ्या कामावर होते. आज, बुधवारी सकाळी, शेवटच्या मिक्सिंगसाठी ते येऊन बसले, त्या जागी पोचले आणि त्यांचे कान उभे राहिले. मग डोळ्यांनी हात बघितले. ते हात त्यांनीच गुडघ्यांवर ठेवायला लावले होते, कारण मास्तरांच्या बाह्यांचं कापड घासत होतं.

भाची त्यांचीच तयार केलेली होती. बहिणीची मुलगी, दहाव्या वर्षापासून मामाच्या मागे वायरी गुंडाळत फिरलेली. ती वाईट नव्हती आणि मूर्ख तर त्याहून नव्हती. म्हणूनच भांडण कठीण होतं.

तिचं म्हणणं असं की, मामा त्या वेळी मान खाली घालून आवाजाचं मीटर बघत होता. चेहरा ती बघत होती. तीस सेकंद माणसाला गप्प बसवलं तर त्याच्या मनात काय येतं हे मीटरवर दिसत नाही. सहा महिने ती तो तुकडा पुन्हा पुन्हा बघत आली होती आणि तिला खात्री होती की त्या चेहऱ्यात काहीतरी हललं होतं. शब्दांनी खोटं बोलणाऱ्या माणसाचा खरा चेहरा तिने फक्त योग्य जागी ठेवला होता.

“खात्री कशी केलीस?” कानसेनांनी विचारलं.

भाचीला हे लागलं. ती म्हणाली, “नदीची फिल्म आठवते? तुला बक्षीस मिळालं होतं तिच्यासाठी. पूर ओसरल्यावरचं पाणी, काय तो आवाज, लोक हळहळले होते. तो तुझ्या बाथरूमचा नळ होता. बादली मी धरली होती.”

“नळाने कुणाची माफी मागितली नव्हती.”

“माफी यांनीही नाही मागितलेली. गप्प बसलेत. लोक काय समजायचं ते समजतात.”

“आणि मास्तरांनी फक्त पुढे पाठवलं.”

यावर भाचीने खुर्ची पुन्हा मामाकडे वळवली. मग तिने हळूच जी गोष्ट सांगितली, ती सकाळी आल्या आल्या तिने आनंदाची बातमी म्हणून सांगितली होती. गेल्या आठवड्यात फिल्ममधल्या माणसांना फिल्म दाखवली. मास्तर गुडघेदुखीमुळे आले नाहीत. औषधवाल्या बाई आल्या, शेवटपर्यंत ताठ बसून राहिल्या, आणि बाहेर पडताना म्हणाल्या की मला पैसे नको होते, दुकान परत नको होतं, त्या माणसाला काही वाटलं की नाही एवढंच बघायचं होतं. ते बघितलं. आता शुक्रवारी वकिलाकडे जाऊन तक्रार मागे घेते.

“तीन वर्षांनी नीट झोप लागली म्हणाली, मामा. तू तिला जाऊन उठवणार?”

“सही करणार आहे ती. परवा. माझ्या रूम टोनवर.”

शेवटी भाचीने हात झटकले. मामाला पुरावा हवा होता ना, मग मामानेच आणावा. रेकॉर्डर घेऊन मास्तरांकडे जा, तोच प्रश्न विचार. एक शब्द जरी खरा बोलले तरी अकरा सेकंदं काढून तो शब्द लावते. नाही बोलले तर मग बघू. ‘मग बघू’ म्हणजे काय, हे कानसेनांनी विचारलं नाही. चांगल्या घरातल्या भांडणात ‘मग बघू’ला अर्थ विचारायचा नसतो.

ते स्कूटरपाशी पोचेपर्यंत बहिणीचा फोन आला. बातमी त्यांच्याआधी घरी पोचली होती. बहिणीने आधी तब्येत विचारली, मग वहिनीची विचारली, मग म्हणाली की पोरीच्या आयुष्यात पहिल्यांदा काही चांगलं होतंय आणि सख्खा मामा आडवा पडतोय. कानसेनांच्या लक्षात आलं की ती स्वयंपाकघरातून बोलते आहे आणि तिच्या एक्झॉस्ट पंख्याचं बेअरिंग गेलंय. त्यांनी तसं सांगितलं. बहिणीने फोन ठेवला.

मास्तरांनी दार उघडलं ते हसतमुखानेच. बैठकीच्या खोलीत काही बदललं नव्हतं. तपकिरी कागदाची कव्हरं घातलेली पुस्तकं, त्यांच्यावर नंबर, भिंतीला टेकवलेली घडीची खुर्ची. फक्त टेबलावर एका फोनच्या जागी आता दोन फोन होते, दोन्ही चार्जिंगला लावलेले आणि दोन्ही दर मिनिटाला कुरकुरणारे. कानसेनांनी सवयीने स्वयंपाकघरात जाऊन फ्रिज बंद केला, किल्ली आत टाकली आणि रेकॉर्डर मांडून बसले.

मास्तरांनी फिल्म बघितली नव्हती, पण भाचीने पाठवलेला एक मिनिटाचा तुकडा बघितला होता. त्यात अकरा सेकंदं होतीच. मास्तरांनी तो तुकडा त्याच सगळ्या ग्रुपवर पाठवला होता, आता ते त्रेचाळीस झाले होते, आणि खाली शेरा मारला होता: ‘हे अश्रू खरे आहेत. सेवानिवृत्त मुख्याध्यापक.’ तेव्हापासून अभिनंदन थांबत नव्हतं. जुने विद्यार्थी लिहीत होते की सर, चूक कबूल करायला मोठं मन लागतं. मास्तरांनी दोन-तीन निवडक प्रतिसाद मोठ्याने वाचून दाखवले. वाचताना त्यांचा आवाज खरोखर भरून आला. कानसेनांनी बोटाने दाबून लिंबू ओळखावं तसा तो आवाज ओळखला: भरून आलेला होता, पण स्वतःच्याच कौतुकाने.

त्यांनी सांगितलं की तोच प्रश्न पुन्हा विचारायचा आहे. मास्तर लगेच सरसावून बसले, चश्मा काढला आणि विचारलं, “किती सेकंद रडायचं?”

कानसेनांनी समजावलं की रडायचं नाही. फक्त बाईंना काय सांगावंसं वाटतं ते आपल्या शब्दांत सांगायचं. मास्तर विचारात पडले. बराच वेळ पडले. मग त्यांनी मान हलवली.

“जे सांगायचं ते मी मौनातून सांगून टाकलंय. आता शब्द वापरले तर त्याची किंमत कमी होईल.”

“मास्तर, ते मौन नव्हतं. मी तुम्हाला गप्प बसायला सांगितलं होतं.”

मास्तरांना हे आठवत नव्हतं. खोटं बोलत होते असं नाही, खरंच आठवत नव्हतं. त्यांना आठवत होता तो पडद्यावरचा तुकडा, आणि तो त्यांनी इतक्या वेळा बघितला होता की आता तीच त्यांची आठवण झाली होती. त्या मुलीने प्रश्न विचारला, आपल्याला बाईंचा चेहरा दिसला, आणि शब्द फुटला नाही. कानसेनांनी हेडफोन त्यांच्या कानांवर चढवले आणि त्या दिवशीचं मूळ रेकॉर्डिंग लावलं. मास्तरांनी डोळे मिटून, हुशार विद्यार्थ्यासारखं, सगळं ऐकून घेतलं. स्वतःचं वाक्य ऐकलं तेव्हा भुवई किंचित वर गेली. मग त्यांनी हेडफोन काढून नीट टेबलावर ठेवले.

“हा माझा आवाज नाही.”

“मास्तर, मी स्वतः घेतलाय तो. याच खोलीत.”

“तुमच्याच फिल्ममध्ये तो तज्ज्ञ दाखवलाय ना, चार मिनिटांत कुणाचाही आवाज बनवतात म्हणून? त्या तुकड्यात आहे ते. मी सगळ्यांना पाठवलंय.” मग त्यांचा स्वर एकदम मायेचा झाला, वर्गात मागे पडलेल्या मुलाशी बोलावं तसा. “तुमचा हेतू चांगला आहे, साउंडवाले. पण असलं काही हाती आलं की आधी खात्री करावी. कुणी दिलं तुम्हाला हे?”

एकतीस वर्षांत कानसेनांवर अनेक आरोप झाले होते. माइक दिसला, वारा आला, कुत्रं भुंकलं. त्यांच्याच टेपवरचा आवाज त्यांनाच खोटा ठरवून दाखवणारा माणूस मात्र पहिलाच. ते सामान गोळा करून ताडताड जिना उतरले, स्कूटरपाशी आले आणि खिसे चाचपले. किल्ली मास्तरांच्या फ्रिजमध्ये होती. तेवढाच जिना पुन्हा चढून गेल्यावर मास्तरांनी दाराच्या फटीतून गार पडलेली किल्ली हातावर ठेवली आणि या वयात बदाम चांगले, असं सांगितलं.

गुरुवारी दुपारी औषधवाल्या बाई मिक्सिंगच्या खोलीत आल्या. काउंटरवरून जेवणाची सुट्टी काढून आल्या होत्या. पांढरा कोट घडी करून पिशवीत होता. भाचीला त्यांच्या आवाजात शेवटची दोन वाक्यं हवी होती, तक्रार मागे का घेतेय हे सांगणारी. वकिलाने तयार केलेला कागदही त्यांनी सोबत आणला होता, प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये, भाचीला तो नीट आहे का दाखवायला. कॅमेरा कोपऱ्यात तिपाईवर उभा होता, झाकण लावलेला.

भाचीने आदल्या संध्याकाळी मामाला एवढंच विचारलं होतं, काय म्हणाले? कानसेन म्हणाले होते, मौनातून सांगून टाकलंय म्हणाले. भाची हसली नव्हती. म्हणाली होती, बघ, त्यांनाही वाटतंय तसंच. मग तर ते खरंच झालं ना.

बाई ठेंगण्या, नीटस, केस घट्ट बांधलेल्या. भाचीने पाण्याची बाटली पुढे केली तेव्हा त्यांनी आधी ती फिरवून तारीख वाचली आणि मग झाकण उघडलं. माइकसमोर बसल्यावर त्या कानसेनांना म्हणाल्या की दादा, तुम्ही त्या दिवशी तिथे होतात ना, तुमचेही आभार मानायचे होते. कानसेनांनी माइक उगाचच एक बोट खाली केला, मग पुन्हा वर केला.

“किती वेळ बसले होते ते तसे?” बाईंनी विचारलं.

भाचीने कागदावरून नजर उचलली आणि मामाकडे पाहिलं.

“तीस सेकंद,” कानसेन म्हणाले.

“फिल्ममध्ये कमी वाटले.”

“फिल्ममध्ये अकरा आहेत.”

“मग उरलेले?”

“मामा,” भाची म्हणाली.

आवाज तसा साधाच होता. पण कानसेनांना त्यात दहा वर्षांची मुलगी ऐकू आली, जड बादली धरून हात दुखू लागलेली आणि तरी न सोडणारी. त्यांना बहिणीचाही आवाज ऐकू आला, आणि निवड समितीच्या पत्राचा कागदसुद्धा. पुढे त्यांनी बायकोला सांगितलं की त्या वेळी त्यांनी ठरवून काही केलं नाही. बाईंनी उरलेला भाग मागितला, आणि तो त्यांच्याकडे होता. औषधाच्या दुकानात अर्धी पट्टी मागितली तर अर्धी देतात, पण हिने पूर्ण मागितली होती.

त्यांनी हेडफोन बाईंच्या हातात दिले. “सगळं ऐका. शेवटपर्यंत.”

भाचीचा हात कीबोर्डकडे गेला आणि वाटेतच थांबला. थांबला तो तिनेच थांबवला, हे कानसेनांनी नीट बघितलं आणि मनात तिच्या नावावर जमा केलं.

बाई ऐकत होत्या. खोलीत काहीच ऐकू येत नव्हतं, पण कानसेनांना प्रत्येक सेकंद पाठ होता आणि पडद्यावरची रेघ पुढे सरकत होती. आता मास्तर, हात गुडघ्यांवर ठेवा, कापड घासतंय. आता तीस सेकंद कुणी हलू नका, खोलीचा आवाज घेतोय. आता शांतता. आता पोट. बाईंच्या कपाळावर एक बारीक आठी आली. आता वरच्या मजल्यावर खुर्ची सरकली. आता झालं, धन्यवाद. आणि आता मास्तर, खुर्चीतून उठता उठता, चांगल्या मोकळ्या आवाजात: चला, जेवायला उशीर झाला. आणि ते बाईंबद्दल मी बोललो ना, ते जरा ठळक ठेवा, चूक त्यांचीच आहे.

रेघ थांबली. बाईंनी हेडफोन काढले नाहीत. आणखी काही आहे का, याची वाट बघत असल्यासारख्या त्या पडद्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी ते काढून मांडीवर ठेवले, दोन्ही हातांनी, जणू फुटतील असे जपून. चेहऱ्यावर राग नव्हता. त्यांचे गाल हळूहळू उतरत गेले, उन्हात ठेवलेल्या मेणासारखे, आणि मग एका जागी येऊन घट्ट झाले.

“चूक माझीही आहे,” कानसेन म्हणाले. “ती तीस सेकंदं मीच घेतली. तुमच्या हाती अशी लागतील असं वाटलं नव्हतं.”

भाचीच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. दिव्यामुळे नव्हे, खोलीत दिवा अंधुकच होता. ती बाईंच्या समोर गुडघ्यांवर बसली आणि भडाभडा बोलली. ताई, मी फसवायला नाही केलं, मला खरंच तसं दिसलं, मला तुमच्यासाठी ते दिसायला हवं होतं. ते सगळं खरं होतं, आणि कानसेनांना ते ऐकूही आलं. बाईंनी तिच्या डोक्यावर हात ठेवला नाही, पण पाय मागेही घेतले नाहीत. टेबलावरचा फोल्डर त्यांनी उचलला, आतला कागद जरासा बाहेर काढून पहिली ओळ वाचली आणि तसाच परत सरकवला.

“काय करणार तुम्ही उद्या?” कानसेनांनी विचारलं.

बाईंनी फोल्डर पिशवीत, कोटाच्या खाली, घातला.

भाची अजून जमिनीवरच होती. तिने मनगटाने डोळे पुसले. मग तिची नजर बाईंच्या चेहऱ्यावर गेली आणि तिथून हलेना. खिडकी नसलेल्या त्या खोलीत तिने मान किंचित तिरकी केली, प्रकाश कुठून येतोय ते बघत. कानसेन ती मान ओळखत होते, त्यांनीच तिला तशी बघायला शिकवली होती, आणि ती आता काय म्हणणार हे त्यांना ती म्हणायच्या आधी कळलं.

“ताई,” भाची अगदी हळू, अगदी मनापासून म्हणाली, “आत्ता तुम्ही ऐकलंत ना, तसंच एकदा परत ऐकाल? कॅमेरा लावते. दोनच मिनिटं. ती अकरा सेकंदं काढून टाकते मी, शपथ. त्यांच्या जागी हे ठेवू. हे तर खरं आहे.”

बाईंनी मांडीवरचे हेडफोन कानसेनांच्या हातात दिले. पिशवी खांद्याला लावली, खुर्ची मागे सारली, जाड दार दोन्ही हातांनी ओढून उघडलं आणि निघून गेल्या.